चौथ्या मजल्याचं गाणं

डिसेंबर लागला की माणसं घरासाठी रडायला लागतात. अकरा महिने ज्यांनी आईचा फोन "मीटिंगमध्ये आहे" म्हणून कापलेला असतो, ते दुकानात मोज्यांचे जोड निवडता निवडता डोळे पुसतात, कारण वरच्या स्पीकरमधून कोणीतरी सांगत असतं की बर्फातून वाट काढत मी घरी निघालो आहे. डोळे पुसून झाले की मोज्यांवर सूट आहे का ते विचारतात. असली तर दोन जोड घेतात. घरी मात्र जात नाहीत.

हा प्रकार सर्वांत जवळून पाहायची सोय आमच्या इमारतीतल्या चौथ्या मजल्यावरच्या सूनबाईंना होती. त्यांना सगळी इमारत सूनबाईच म्हणते, कारण त्यांच्या सासूबाई, म्हणजे आजी, दिवसभर तीच हाक मारतात आणि जिना ती तळमजल्यापर्यंत पोचवतो. सूनबाई बाजारातल्या तीन मजली दुकानात चपला-बूट विकतात. गिऱ्हाइकाच्या पायाशी बसायचं, पाऊल मापाच्या पट्टीवर ठेवायचं, आणि आठ नंबर निघाला तरी "सातच आणते, हे कातडं सैल होतं" असं म्हणायचं, कारण आपला पाय आठ नंबरचा आहे हे ऐकायला कोणी पैसे देत नाही. या कामामुळे एक झालं. माणूस काय बोलतो याकडे त्या फारसं लक्ष देत नाहीत.

हे बरंच म्हणायचं. कारण त्यांच्या विभागाच्या बरोबर वर स्पीकर आहे, आणि डिसेंबरभर त्यातून जे गाणं सगळ्यात जास्त वाजतं ते त्यांच्या नवऱ्याचं आहे.

नवऱ्याचा गळा बरा होता. बरा म्हणजे, कोणाच्या लग्नात माईक हाती आला तर लोक जेवत राहायचे, उठून जायचे नाहीत. एवढ्या भांडवलावर तो "दोन महिन्यांत येतो" म्हणून मोठ्या शहरात गेला, त्याला आता दहा वर्षं झाली. तिथे त्याने एक प्रेमगीत केलं, कुठल्याशा मुलीवर. ते कोणी घेईना. शेवटी एका स्टुडिओवाल्याने सांगितलं, "मुलगी काढ, आई घाल. प्रेयसी काही जणांनाच असते, आई सगळ्यांना असते. आणि मागे घुंगरं वाजव." घुंगरं वाजली की नाताळ झाला, असा त्या धंद्यातला नियम आहे. नाताळची गाणी भर उन्हाळ्यात रेकॉर्ड करतात, आणि आवाज येतो म्हणून पंखा बंद ठेवतात. दुसऱ्या कडव्यात त्याचा गळा जो दाटून येतो, ज्यावर पुढे लोकांनी एकमेकांना लग्नाच्या मागण्या घातल्या, तो उकाड्याने दाटला आहे. हे त्यानेच एका मुलाखतीत हसत सांगितलं. ऐकणाऱ्यांना तेही गोड वाटलं.

गाण्याचा आशय असा: येतोय मी, येतोय, चौथ्या मजल्यावर हिरवं दार आहे, दारामागे आई आहे, खिडकीत दिवा आहे, बाहेर बर्फ आहे. यातला चौथा मजला आणि आई खरी. बर्फ आमच्याकडे मासळीच्या पेटीत असतो. दार तपकिरी होतं, पण हिरवा रंग नाताळला शोभतो. बायको गाण्यात नाही. तिसऱ्या कडव्यात "कोणीतरी चहा ठेवला असेल" अशी एक ओळ आहे. ते कोणीतरी म्हणजे सूनबाई.

गाणं गाजलं त्या वर्षी आजींनी हट्टाने दार हिरवं करून घेतलं.

"अहो आई, याच घरात जन्मले ते. दार ओळखणार नाहीत?"

"गाण्यात हिरवं आहे. उगाच त्याला चारचौघांत खोटं पाडू नकोस."

सूनबाईंनी रविवारी सुट्टी घालवून दार रंगवलं. इमारतीने नवऱ्याचं नाव "येतोय" ठेवलं. पाणी जाऊन टाकी भरेनाशी झाली की तळमजल्यावरचा शिंपी वर बघून विचारायचा, "काय हो, पाणी येतंय, की येतोयसारखं येतंय?"

विनोद ठीक होता, पण आजींचे गुडघे गेले. चौथा मजला, लिफ्ट नाही. आधी त्या जिन्याच्या कठड्याला धरून उतरत, मग बसत बसत उतरत, आणि मग उतरेनाशाच झाल्या. डॉक्टर वर यायला कुरकुर करत. दोन वर्षं आजींनी रस्ता फक्त वरून पाहिला, म्हणजे माणसांची टकलं पाहिली. अशात शिंप्याने दुकान बदललं आणि तळमजल्यावरची खोली रिकामी झाली. ऐसपैस, दारात ऊन, शेजारी दवाखाना. घरमालक सूनबाईंना म्हणाला, "तुम्हाला हवी असेल तर नव्या वर्षापर्यंत कोणाला देत नाही. पुढचं मला विचारू नका."

आजी हलायला तयार होईनात.

"तो आला आणि वर कुलूप दिसलं तर?"

"खाली विचारतील की!"

"गाण्यात चौथा मजला आहे."

शेवटी सूनबाईंनी नवऱ्याला फोन केला. तो त्यांनी फार क्वचित केला असेल, कारण पलीकडून आधी गाणंच वाजतं.

"आईंना खाली हलवायचं आहे. त्या फक्त तुमचं ऐकतात. एकदा फोनवर सांगा त्यांना."

"अगं, असल्या गोष्टी फोनवर सांगतात का? समोर बसून, हात हातात घेऊन सांगायच्या."

"मग या समोर."

"येतोय ना," तो म्हणाला.

त्याच आठवड्यात दुकानाच्या मॅनेजरने सगळ्यांना गोळा केलं. मॅनेजर हा हळवा माणूस. विकणाऱ्या बायकांनी बसायला खुर्च्या मागितल्या तर त्याला ऐकू येत नाही, पण ते गाणं लागलं की त्याचा चष्मा धुरकट होतो. आपल्या दुकानात खुद्द गायक येऊन गाणार आहे, हे सांगताना त्याला दोनदा थांबावं लागलं. मग त्याने शेजारच्या मोजेवालीला पाणी आणायला पाठवलं.

मोजेवाली ही सूनबाईंची मैत्रीण. ती पाणी देऊन आली ती कमरेवर हात ठेवून उभी राहिली.

"काय गं, तुझा पाहुणा येतोय म्हणे. घरी नाही, दुकानात."

"येऊ देत."

"आणि तू काय, तिथे बसून बायकांचे अंगठे दाबत बसणार? गावभर बोंबलतोय घरी जायचंय, घरी जायचंय. घर किती लांब? दोन गल्ल्या. ने की हाताला धरून."

"लोकांसमोर?"

"लोकांसमोरच. एकट्यात तो तुला पुढच्या वर्षाचा वायदा देईल."

नाताळच्या आदल्या दिवशी सरकत्या जिन्यापाशी मंच बांधला, त्यावर कापसाचा बर्फ अंथरला, आणि पाठीला पंख बांधलेली दहा-बारा पोरं उभी केली. येतोय आला. पोट सुटलं होतं, केस नव्याने काळे झाले होते. गळ्याला लोकरी मफलर आणि कपाळाला घाम, म्हणजे अवस्था रेकॉर्डिंगच्या दिवसासारखीच. त्याने डोळे मिटून गाणं म्हटलं. "कोणीतरी चहा ठेवला असेल" आलं तेव्हा मोजेवालीने सूनबाईंना पाठीत ढकललं. "जा. माईक काही चावत नाही."

सूनबाई दुकानाच्या गणवेशातच मंचावर चढल्या. येतोयने डोळे उघडले आणि त्यांना बघून तो ओशाळं हसला. त्यांनी माईक घेतला.

"नमस्कार. मी ती चहा ठेवणारी."

लोक हसले. मग कोणाच्या तरी लक्षात आलं, आणि ते "अय्या!" गर्दीतून मागपर्यंत गेलं.

"यांचं घर इथून दोन गल्ल्यांवर आहे. चौथा मजला. आई घरीच आहेत. अहो, चला."

"मंडळी, ही माझी... म्हणजे, आता कार्यक्रम चालू आहे, अजून दोन गाणी..."

"कार्यक्रम थांबवू!" मॅनेजर ओरडला. आयुष्यात पहिल्यांदा त्याने विक्री थांबवली असेल. "आईपेक्षा मोठं काय आहे?"

"चला! चला!" लोक गर्जू लागले. इतकी वर्षं ज्या गोष्टीसाठी ते रडत होते ती चालत जाण्याच्या अंतरावर आहे, हे कळल्यावर त्यांना कोण आवरणार? येतोयने गाडीकडे एकदा पाहून घेतलं. पण तिच्या वाटेत एक बाई नवी इस्त्री छातीशी धरून हुंदके देत उभी होती.

अशी ती वरात आमच्या इमारतीत शिरली. पुढे येतोय, मागे पिशव्या, पंखवाली पोरं, आणि वर धरलेले फोन. दुसऱ्या मजल्यावर त्याला धाप लागली. तेवढ्यात सूनबाईंनी त्याला गाठलं आणि हळू आवाजात सांगितलं, "फार काही नको. 'आई, खाली राहायला जा, मी तिथे येईन,' एवढंच म्हणा."

"अगं पण गाण्यात चौथा मजला आहे."

"गाण्यात बर्फही आहे."

"बघतो," तो म्हणाला.

आजी खुर्चीत बसल्या होत्या. गलका ऐकून त्यांनी केस विंचरून घेतले होते, आणि सूनबाईंनी सकाळी थर्मासात भरून ठेवलेला चहा कपात ओतून ठेवला होता. येतोयने दारात एक क्षण थांबून मागच्यांना फोन नीट धरू दिले, मग धावत जाऊन आईच्या मांडीवर डोकं टाकलं.

"अरे, ऊठ, ऊठ," आजी कळवळल्या. "गुडघ्यावर भार येतोय."

तो उठला. "किती गं हे जिने, आई! कशी उतरतेस तू?"

"उतरतच नाही. दोन वर्षं झाली."

येतोय फोनांकडे वळला. त्याचा गळा दाटून आला, आणि या खेपेला पंखाही चालू होता. "ऐकलंत? दोन वर्षं! दोन वर्षं माझी आई माझी वाट पाहत या दारातून हललेली नाही!"

जिन्यात हुंदक्यांची लाट आली. मॅनेजरचा हुंदका सगळ्यांत वरचा.

"अरे, माझे गुडघे..." आजी म्हणाल्या. ते कोणी ऐकलं नाही.

"अहो, ते खालचं सांगा ना," सूनबाई म्हणाल्या.

त्याने हात वर करून त्यांना थांबवलं आणि आईचे दोन्ही हात हातात घेतले. "आई, मला एक वचन दे. हे घर सोडू नकोस. जग बदलू दे, पण हे हिरवं दार इथंच असू दे. मी आहे ना."

सूनबाईंनी भिंतीला टेकून डोळे मिटले. लोकांना वाटलं, भरून आलं.

"जेवून जाशील?" आजींनी विचारलं.

"गाडी उभी आहे गं."

"मग परत कधी?"

"येतोय ना!" आणि हा शब्द कानावर पडताच जिन्यातल्या सगळ्यांनी मिळून गाणं उचललं. त्या सुरांतून वाट काढत तो खाली उतरला. चहा कपात तसाच राहिला. तो कोणी ठेवला होता, हे त्याने विचारलंही नाही. कप समोरच होता.

घर रिकामं झाल्यावर सूनबाई केर काढायला लागल्या. पंखांची चमकी सगळ्या फरशीभर पडली होती आणि झाडूला चिकटत होती. आजी खुर्चीतून ते बघत होत्या.

"घरमालकाने खोली दिली का गं कोणाला?"

"नव्या वर्षापर्यंत थांबलाय. आता कळवते त्याला, नको म्हणून."

"नको का? मला ने खाली."

सूनबाईंनी झाडू थांबवला. "आणि त्यांना वचन दिलंत ते?"

"मी कुठे दिलं? त्याने मागितलं. मागायला काय जातंय?" आजींनी पाय चोळला. "मी गुडघे म्हणतेय आणि हा वाट म्हणतोय. समोर उभा राहून! इतकी वर्षं मला वाटायचं, पोरगं तिकडे अडकलंय. अडकला कुठे? चांगला मफलर घालून हिंडतोय. अडकवलंय मला." मग म्हणाल्या, "ज्याला यायचं असतं तो नवा पत्ता विचारतो गं. पत्ता बदलू नको, असं म्हणत नाही."

दोन दिवसांनी सूनबाईंनी दुकानात मॅनेजरकडे दोन हमाल मागितले, खुर्ची उतरवायला. मॅनेजरचा चेहरा पडला.

"पण बाई, वचन! मी स्वतः ऐकलं. सगळ्यांनी ऐकलं. आता तो आला तर काय पाहील?"

"तुमचा एवढा जीव आहे त्या दारावर, तर तुम्ही राहायला या. चौथा मजला रिकामा होतोय. पाणी सकाळी एक तास येतं."

मॅनेजरने हमाल दिले. स्वतः तो राहायला आला नाही.

आजींना खुर्चीत बसवून, पोटाशी चादर बांधून, हमालांनी उचललं. आजी प्रत्येक वळणावर त्यांच्या आईबापांचा उद्धार करत होत्या. "डावीकडे! डावीकडे, मेल्या, भिंत दिसत नाही? कपाट नाहीये मी!" सूनबाई पुढे होत्या, खालच्या खोलीची किल्ली मुठीत धरून. दुसऱ्या मजल्यावर मागच्या हमालाला धाप लागली.

"आजी, जरा टेकवू का खुर्ची? दम घेतो."

"टेकव," आजी म्हणाल्या. "पण फार वेळ नको. बसून बसून कंबर मोडली माझी."