वेल्सकर सरांचा मोर्चा

वेल्सकर सरांसमोर कुणी ‘इंग्लंड’ म्हटलं की संपलं. “बिटिया इंग्लैंड में है ना?” असं भाजीवाल्याने सहज विचारलं, तरी सर हातातला दुधी खाली ठेवत आणि त्याचा वर्ग घेत. “इंग्लैंड नहीं भैया, वेल्स. अलग मुल्क है. उनको आज़ाद होना है.” भाजीवाला म्हणे, “हो जाएँगे बाबूजी. लौकी तौल दूँ?”

वेल्सकर हे नाव आम्ही उज्जैनच्या माधव नगरातल्या मराठी मंडळींनी ठेवलेलं. सरांनी उभा जन्म हिंदी शाळेत भूगोल शिकवला. निवृत्तीनंतर मुलीकडे, कार्डिफला, सहा महिने राहिले आणि तिथले मोर्चे अंगात घेऊनच परतले. तिथे साधी माणसं पोराबाळांसकट, कुत्र्यांसकट, लाल ड्रॅगनचे झेंडे घेऊन स्वतंत्र वेल्ससाठी चालतात म्हणे. कुणी बडा पुढारी नाही, गल्लीतल्या लोकांनीच उभी केलेली चळवळ. “आणि मोर्चा संपला की रस्ता स्वतः झाडतात!” हे सर अशा थाटात सांगत, जसा काही झाडू त्यांच्याच हातात होता.

एकदा मात्र ते माझ्याशी वेगळंच बोलले. मोर्चातल्या एका म्हातारीने त्यांना सांगितलं होतं, की तिच्या आजीच्या काळी शाळेत कुणी वेल्श बोललं की पोराच्या गळ्यात लाकडी पाटी अडकवत. “मी पाटी नाही अडकवली,” सर म्हणाले. “पण सुमा माझ्याच वर्गात होती. भर वर्गात ‘बाबा, मला नाही समजलं’ म्हणाली, तर मी सगळ्यांसमोर तिचा कान पिळला. ‘हिंदी में बोलो!’ तेव्हापासून पोरगी घरातसुद्धा माझ्याशी हिंदीतच बोलते.” कार्डिफच्या मोर्चात त्याच सुमाने त्यांचा हात धरला होता. आता उज्जैनमध्ये मोर्चा काढून त्यांना तिला दाखवायचा होता, एवढंच. मी मान डोलावली आणि संध्याकाळी चहाच्या टपरीवर सगळ्यांना सरांची नक्कल करून दाखवली.

मग गंमत म्हणून मीच मोबाइलवर ‘स्वतंत्र वेल्स, उज्जैन शाखा’ असा ग्रुप काढला. बघता बघता चाळीस जण आले. फुकटचा तमाशा कोण सोडतो? सरांनी लिहिलं, “त्यांच्या पुढच्या मोर्चाच्या वेळीच आपणही टॉवर चौकातून निघू. तिकडे दुपारचा एक, आपल्याकडे साडेपाच. येणार ना?” खाली चाळीस अंगठे. आपल्याकडे ‘पक्का’ म्हणजे ‘बघू’ आणि ‘आलोच’ म्हणजे ‘नाही’, हे उज्जैनच्या माणसाला कुणी शिकवावं लागत नाही. सर मात्र फ्रीगंजच्या शिंप्याकडून चाळीस झेंडे शिवून घेऊन आले. त्यावरचा ड्रॅगन पालीसारखा दिसत होता. आम्हाला हसायला आणखी एक निमित्त झालं.

ठरल्या दिवशी आम्ही सात-आठ जण टॉवर चौकात एका दुकानाच्या वरच्या मजल्यावर कचोऱ्या खात बसलो. खाली सर, इस्त्रीचा सदरा, काखेत झेंड्यांचा गठ्ठा. पावणेसहाला माझा फोन वाजला.

“अरे, कुठे आहात सगळे?”

“बस, आलोच सर. नानाखेड्याशी जाम लागलाय.”

“असू दे, असू दे. सावकाश या. मी थांबतो.”

एका हवालदाराने त्यांना हटकलं. “किसका जुलूस है?” “वेल्स का.” “वो कौन-सी कॉलोनी में है?” हसता हसता मला ठसका लागला. मग सरांनी रिक्षावाल्यांना, फुगेवाल्याला झेंडे देऊन पाहिले. कुणी घेईना. शेवटी ते एकटेच झेंडा उंच धरून निघाले. तेवढ्यात त्यांनी फोन समोर धरला, मागच्या बाजाराच्या गर्दीकडे वळवला आणि काहीतरी बोलले. मी वरून सगळं मोबाइलवर टिपत होतो. लगेच ते ग्रुपवर टाकलं आणि खाली लिहिलं, ‘एक माणूस, चाळीस झेंडे.’

सरांनी सुमालाही त्या ग्रुपमध्ये घेतलं होतं, हे मी पाहिलंच नव्हतं.

रात्री तिचा फोन आला. आवाज चढवला नाही तिने. “दादा, बाबांनी मला गर्दी दाखवली, म्हणाले हे बघ, सगळे आलेत. बायकांच्या हातात भाजीच्या पिशव्या होत्या, मला काय कळत नव्हतं? मी म्हटलं, ‘बाबा, किती छान!’ कितीतरी वर्षांनी मी त्यांच्याशी मराठीत बोलले. ते रडले रे. आणि तिथेच, रस्त्यात उभं राहून त्यांनी तुझा व्हिडिओ उघडला.”

मी नीच वागलो होतो, आणि ते मला त्याआधीही ठाऊक होतं.

पुढच्या महिन्यात सुमा आली. घर विकलं आणि सरांना कायमचं कार्डिफला न्यायचं ठरलं. सरांनी मला एका शब्दाने दुखावलं नाही. रस्त्यात भेटले की नेहमीसारखी तब्येत विचारत. निघायच्या आदल्या दिवशी मी धीर करून फोन केला. म्हटलं, “सर, उद्या सोडायला येतो.”

“नको रे,” सर म्हणाले. “तू आलास तर मला वाटेल, बाकीचेही येताहेत. आणि मी उगाच थांबून राहीन.”