दावा भोईवाड्याचा

आधी चहा सांगा. ही गोष्ट नुसती सांगायची म्हटली तरी मी दमतो. जन्मात एकदा कोर्टाची पायरी चढलो आणि अशी शोभा करून घेतली, की परळला गेलो की अजून मान खाली घालून चालतो!

संयुक्त महाराष्ट्राचे दिवस. मी गिरणीत कामाला, लालबागला चाळीत. शेजारच्या खोलीत माझा चुलतभाऊ बाबल. गावी, मालवणकडे, आमची घरंही शेजारी आणि विहीर सामाईक. तर या बाबलने काय करावं? रजेवर गावी जाऊन विहिरीच्या वाटेत दगडांचा गडगा घातला! का, तर म्हणे वाट माझ्या हद्दीतून जाते. माझी आई तिथे एकटी. पाण्याला तिने अख्ख्या वाडीला वळसा घालायचा, डोक्यावर हंडा घेऊन, या वयात! रात्री जेवण गोड लागायचं नाही हो मला.

भांडून झालं, अबोला धरून झाला. बाबल ढिम्म. शेवटी वकील गाठला. वकिलाचा कारकून गिरगावचा, कोकण त्याने फक्त नकाशात बघितलेलं.

"मिळकत कुठे?"

"भोईवाड्यात."

"प्रतिवादी राहतो कुठे?"

"माझ्या भिंतीला भिंत लावून."

"जागेच्या आसपास काय?"

"एका अंगाला देऊळ, एका अंगाला वहाळ."

"वहाळ म्हणजे नाला ना?"

"तोच की!"

आता तुम्हीच सांगा, यात मी खोटं काय बोललो? आमच्या गावच्या वाडीचं नाव भोईवाडा. परळलाही भोईवाडा. तिथेही देऊळ, तिथेही नाला! गाव कुठलं ते त्याने विचारलं नाही, मी सांगितलं नाही. त्याने परळ घातलं, सगळं इंग्रजीत टाईप केलं, आणि मी ऐटीत सही ठोकली.

कोर्टाने कमिशनर नेमला. म्हणजे एक तरुण वकील, जागेवर जाऊन बघून कोर्टाला कळवणारा. कारकून म्हणाला, "रविवारी भोईवाड्यात हजर राहा. प्रतिवादीलाही सांगा."

मला गहिवरून आलं. माझ्या आईच्या वाटेसाठी साहेब थेट कोकणात! बाबलच्या दारात उभा राहून निरोप ओरडलो, रजा टाकली, भाऊच्या धक्क्यावर आगबोटीत चढलो. बघतो तर समोर बाबल, वळकटी घेऊन!

"खंय चललंस?"

"थंयच. सायब येतलो ना?"

पाठीला पाठ लावून बसलो. मग बोट हलली, दोघांनाही लागली, बादली एकच... जाऊ दे, तुमचा चहा व्हायचाय.

रविवारी आईने साहेबासाठी कोंबडी-वडे केले. मी माझ्या अंगणात, बाबल त्याच्या. सकाळ गेली, दुपार झाली, साहेबाचा पत्ता नाही. बाबलचा चेहरा उतरत चालला. साहेब येणार, गावासमोर विचारणार, म्हातारीची वाट का अडवलीस? शेवटी उठला आणि गडग्याचे दगड उपसायला लागला!

"रे, काय करतंस?"

"गप ऱ्हव! सायब येवच्या आदी वाट मोकळी करतंय."

तेवढ्यात आई मलाच ओरडली, "बघत काय ऱ्हवलंस? हात लाव! एकटो किती उचलतलो तो?"

लावला हात! काय करणार? मग साहेबाचे वडे आम्हीच दोघांनी संपवले.

आणि तिकडे परळला काय झालं? कमिशनर टेप घेऊन चाळीचाळीत विचारतोय, "इथली हद्द कुठे? इथली हद्द कोणी अडवली?" त्या दिवसांत हा शब्द काढायचा? लोकांना वाटलं, मुंबई वेगळी काढायला सरकारी माणूस आलाय! "आला रे हद्द आखायला!" म्हणत जमले, 'संयुक्त महाराष्ट्र झालाच पाहिजे'च्या घोषणा सुरू झाल्या. बिचारा पळाला. टेप नाल्यात.

पुढच्या तारखेला सगळा घोळ उघडा पडला आणि जज्जसाहेबांनी मला उभं केलं.

"मिळकत मालवणला, मग इथे का आलात?"

"साहेब, मी मुंबईचा, हा मुंबईचा..."

"आणि विहीर?"

"...गावची."

"जमीन जिथे, कोर्ट तिथलं. माझी हद्द मुंबईपुरती. दावा परत घ्या, तिकडच्या कोर्टात लावा." मग त्यांनाच दया आली असावी. "वाट अजून बंद आहे का?"

मी तोंड उघडायच्या आत मागून बाबल ओरडला, "नाय सायबानू! ह्येनाच माझ्याबरोबर गडगो काढल्यान!"

कोर्ट हसलं. पट्टेवाला हसला. माझा वकील तर सगळ्यात जास्त हसला.

वाट अजून मोकळी आहे. आई अजून गावभर सांगते, "कोर्टाचो सायब देवमाणूस! येवक नाय, पण माका वाट करून दिल्यान." कोणी विचारलं, आणि तुझ्या मुलाने काय केलं?

"माझ्या झिलान? त्येना धोंडे उचलल्यान."