वाट बघायची नोकरी

शिवणकाम करून करून तिची नजर अधू झाली, तेव्हा कुणीतरी सांगितलं, गाडीतळावर नुसतं बसायची नोकरी आहे, तिथे डोळे लागत नाहीत. ती गेली. साहेबांनी विचारलं, तुम्हाला वाट बघता येते का? तिला वाटलं, मेला थट्टा करतोय. पण साहेबांच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही.

त्याचं असं होतं, की तिथली गाडी तेल पीत नव्हती, वीज पीत नव्हती, माणसांचा वेळ खायची. आपण कुणाची वाट बघत बसलो की वेळ कसा लांबतो, संपता संपत नाही. तो लांबलेला वेळ खुर्चीखालच्या तारेतून ओढून घ्यायचा आणि गाडीला पाजायचा. इकडे एक माणूस खुर्चीत ताटकळत बसला, की तिकडे गाडी भरल्या माणसांनिशी डोंगराच्या पार, डोळ्याचं पातं लवायच्या आत. लोक तिला झटगाडी म्हणायचे.

आता वाट बघायला काय अक्कल लागते? पण आधीची माणसं टिकली नव्हती. एक म्हातारबुवा खुर्चीत बसले की घोरायचे. झोपेतला वेळ भुर्रकन जातो, यंत्राला काय मिळणार, कप्पाळ? एकीने विणकाम आणलं. तिचा स्वेटर पुरा झाला, गाडी जागची हलली नाही. ही मात्र बसली, की डोळे दाराला लागलेले. दार कर्र वाजलं की मान वर. कारण हिचा मुलगा डोंगरापलीकडे नोकरीला गेला होता, आणि येतो येतो म्हणत सहा वर्षं झाली होती. लग्न तिकडेच झालं, मुलगीही तिकडेच झाली. नात पाच वर्षांची झाली आणि हिने तिचा एक फोटो तेवढा बघितलेला. ती खुर्चीत बसली रे बसली, की गाडीला किती वेळ मिळतोय ते दाखवणारा भिंतीवरचा काटा लाल रेघेला जाऊन टेकायचा, म्हणजे गाडी सुटायला तयार.

साहेब खूश. सगळे तिला खुर्चीवाल्या मावशी म्हणायचे, कौतुक करायचे. गादी मात्र कुणी दिली नाही. बूड सुखावलं की काटा उतरतो म्हणे. नोकरमाणसांना गाडीत फुकट बसता यायचं, पण ती गाडीत बसली तर खुर्चीत कोण बसणार? आणि जुन्या वाटेने चार दिवसांची चढण, ती गुडघ्यांना झेपणार नव्हती. साहेब रोज मायेने विचारायचे, मुलगा अजून नाही ना आला? ती नाही म्हणाली की त्यांचा जीव भांड्यात पडायचा.

एके दिवशी सकाळची गाडी आली, दार वाजलं, हिने मान वर केली, तर समोर तोच. पोट सुटलेलं, केस मागे हटलेले. तिने उठून त्याचा चेहरा चाचपला. तो म्हणाला, कचेरीचं काम निघालं म्हणून आलोय, संध्याकाळच्या गाडीने परत. घरी नेऊन तिने वाढलं, तो घड्याळाकडे बघत जेवला. नातीला का नाही आणलंस म्हटल्यावर म्हणाला, पुढच्या खेपेला आणतो की.

संध्याकाळी माणसं गाडीत बसली, मुलगा खिडकीशी बसला, ही खुर्चीत बसली. काटा हलेना. ड्रायव्हरने खाली वाकून तारा बघितल्या, तारा ठीक होत्या. साहेब धावत आले.

"मावशी, जरा वाट बघा ना."

"कुणाची बघू साहेब? तो काय, समोर बसलाय."

तरी बिचारीने खटपट केली. घरचा नळ गळत होता आणि दुरुस्त करणारा आठ दिवस आला नव्हता, त्याची वाट बघून बघितली. गाडीने एक उचकी दिली आणि गप्प झाली. आतली माणसं कुरकुरायला लागली. मुलगा तणतणत खाली उतरला, उद्या सकाळी कामावर हजर व्हायचंय, इथे अडकून कसं चालेल. ती उठली आणि म्हणाली, बस जरा, किती येरझाऱ्या घालशील. तो खुर्चीच्या कडेवर टेकला, डोळे घड्याळावर.

काटा लाल रेघ ओलांडून पार पलीकडे जाऊन आपटला. ड्रायव्हरने घंटा वाजवली. मुलगा पळत गाडीत चढला, काटा धप्पकन खाली. तो परत येऊन बसला, काटा वर. उठला, खाली. तीनदा झालं तसं. मग खिडक्यांतून माणसं ओरडायला लागली, अहो दादा, बसा की एका जागी, आम्हाला घरी जायचंय.

ती बाजूला उभी राहून बघत होती. इतके दिवस त्या गाडीच्या पोटात तिचा वेळ जात होता, आणि आत बाक कसले आहेत हेसुद्धा तिने बघितलं नव्हतं. दार उघडं होतं. खिडकीजवळची जागा रिकामी होती. तिने पिशवी उचलली.

"आई, तू कुठे निघालीस?"

"तुझ्या घरी. नातीला बघून येते."

"अगं, आणि मी?"

"तू बस. चांगलं जमतंय तुला."

साहेबांनी एकदा तिच्याकडे बघितलं, एकदा काट्याकडे, आणि पुढे होऊन गाडीचं दार स्वतः धरलं. तिचं नीट टेकूनही झालं नाही, तोवर डोंगर मागे पडला होता.

पत्ता विचारत विचारत ती पोचली. दार नातीनेच उघडलं. दोघी एकमेकींकडे बघत राहिल्या.

"तू आजी का? बाबा म्हणतात, आजी येणारे, आजी येणारे. दर महिन्याला म्हणतात."

ती तिथेच उंबऱ्यावर बसली, आणि पोरगी काही न विचारता मांडीवर येऊन बसली. तेवढ्यात ओले हात पुसत सून आली, चकित झाली, नवऱ्याचं विचारलं. हिने घडलं ते सगळं सांगितलं, जरा भीतभीतच. सुनेने ऐकून घेतलं. मग पिशवी उचलून आत नेता नेता म्हणाली, "बसू दे हो आई. घरी दोन घटका टेकतात कधी ते? तुम्ही आठ दिवस तरी राहा."