डोळे सर्वांत शेवटी
काल दाराची चौकट दुरुस्त करायला आलेल्या सुताराने अंगणात सरस गरम केला आणि त्या उग्र वासाने मला थेट तिबेटी वसाहतीतल्या पत्र्याच्या शेडमध्ये नेऊन बसवलं. फुलचूरच्या आमच्या विहारातून एका दिवसाची सहल गेली होती. माझा धाकटा भाऊ वारून चारच महिने झाले होते, म्हणून मायला मी जवळजवळ ओढूनच नेलं होतं. वंदना आणि जेवण झाल्यावर तिथल्या म्हाताऱ्या चित्रकाराने प्रत्येकाला बुद्धाचं चित्र रेखाटलेलं कापड दिलं आणि सरसात कालवलेले रंग. "आँख सबसे आखिर में, माँजी," तो मायला म्हणाला, "आँख खुली, तो बुद्ध जागे." जन्मभर विड्या वळलेल्या मायचा हात बारीक कामाला सरावलेला. चीवर, ओठ, लांब कान तिने असे रंगवले की बाकीच्या बाया आपलं सोडून तिचंच पाहत राहिल्या. डोळ्यांपाशी मात्र तिने ब्रश खाली ठेवला. बाहेर बसवाला हॉर्नवर हॉर्न वाजवून राहिला होता. मी वैतागून म्हटलं, "काऊन थांबली वो माय? दोन ठिपके तर राहिले." ती आपल्या बोटांकडे पाहत म्हणाली, "याच बोटाइनं लहान्याचे डोळे झाकले म्या. आता कोनाचे उघडू?" मी तिचा ब्रश उचलला आणि ते दोन ठिपके देऊन टाकले. माझा हात जरासुद्धा हलला नाही. चित्र घरी भिंतीवर लागलं, पण मायने मान वर करून त्याच्याकडे कधी पाहिलं नाही. गेल्या महिन्यात तिचे डोळे झाकायची पाळी माझ्यावर आली. तेव्हापासून मी त्या भिंतीकडे पाठ करून जेवतो.