म्हाताऱ्याची निगेटिव्ह

निगेटिव्ह हा शब्द मी मुंबईतल्या एका फोटो स्टुडिओत फरशी पुसता पुसता शिकलो. तिथे त्याचा अर्थ एकच होता. फिल्मचा तो तुकडा, ज्यात उजेड काळा दिसतो आणि अंधार पांढरा. पुढे पापडीच्या रस्त्यावर माझं स्वतःचं दुकान झालं आणि काउंटरपलीकडून हाच शब्द नाना तऱ्हांनी ऐकू यायला लागला. शेजारचा बॅटरीवाला वायरीच्या एका टोकाला निगेटिव्ह म्हणायचा. वसईच्या दवाखान्यातून आलेला माणूस 'रिपोर्ट निगेटिव्ह आला' म्हणून हसत बसमधून उतरायचा, आणि तोच शब्द रक्तगटाला लागला की घरच्यांच्या तोंडचं पाणी पळायचं, कारण तसलं रक्त मिळता मिळायचं नाही. आता म्हातारपणी माझी सून म्हणते, "बाबा, तुम्ही फार निगेटिव्ह बोलता."

बोलतो. का बोलतो तेही सांगतो.

मी वसईजवळच्या नायगावच्या खाडीकाठचा. घरी भातशेती, तीही खाऱ्या पाण्याने अर्धी खाल्लेली. कॅमेरा कुणी मला दिला नाही. जुन्या वस्तूंच्या दुकानात तीन शनिवार उभा राहून, भांडून, दोनदा पायऱ्या उतरून परत चढून मी तो घेतला. वरून डोकावून बघायचा, दोन भिंगांचा. रोलमागे बारा फोटो. तेरावा मागून मिळत नाही, त्यामुळे माणूस जपून बोट दाबायला शिकतो.

आमच्या धंद्यात एक रीत होती. फोटो गिऱ्हाइकाचा, निगेटिव्ह फोटोग्राफरची. पुन्हा प्रत हवी असेल तर त्याच्याच दाराशी यायचं. लोक या रीतीवर कुरकुर करत, पण मोडत नसत. मी प्रत्येक निगेटिव्ह पाकिटात घालून, वर नंबर टाकून पत्र्याच्या डब्यात ठेवी आणि वसईच्या दमट हवेत बुरशी लागू नये म्हणून डब्यात कळीच्या चुन्याची पुडी टाकी.

सत्तरच्या दशकाच्या मधल्या वर्षांत एका मोठ्या वाडीवाल्या ख्रिस्ती घरचं लग्न मला मिळालं. घरचा म्हातारा म्हणजे गावातलं वजनदार माणूस. केळीची वाडी, पानवेली, चर्चमध्ये पुढच्या बाकावर जागा. त्याच्या मुलीचं लग्न. सकाळी उजाडता मी घरी पोचलो आणि पहिला रोल तिथेच संपवला. त्यात एक फोटो म्हाताऱ्याचा होता. त्याला फोटो काढून घेणं आवडत नसे, कॅमेरा दिसला की पाठ फिरवायचा. पण विहिरीजवळ कुणीतरी त्याची टोपी उडवली, तो खळखळून हसला, आणि मी बोट दाबलं. तो रोल मी सायकलच्या हँडलला अडकवलेल्या माझ्या जेवणाच्या डब्याच्या पिशवीत ठेवला. मग चर्चमध्ये मिस्साचे, म्हणजे लग्नाच्या उपासनेचे, दोन रोल काढले. अंगठ्या, फादरचा हात, नवरीचा झिरझिरीत पदर, सगळं.

दुपारी मांडवात पानं वाढली आणि बोंब उठली की नवरीची सोन्याची साखळी नाही. नवरी कपडे बदलायला ज्या खोलीत गेली होती तिथे तिचा फोटो काढायला मीही गेलो होतो, चार बायकांच्या देखत. म्हाताऱ्याने माझ्याकडे बघितलं. बोलला त्याचा मुलगा, नवरीचा भाऊ.

"ए फोटोवाल्या, बॅग उघड."

"कशाला?"

"उघड म्हटलं ना!"

"कोन चोर? कोनाला चोर म्हनता?" रागावलो की माझ्या तोंडात घरची भाषा येते. मांडवातून कुणीतरी "म्हनता!" असं माझंच बोलणं वेडावून दाखवलं आणि पंगतीच्या पंगती हसल्या.

मुलाने बॅग हिसकावून उलटी केली. माझे खिसे तपासले. मग त्याने मिस्साचे ते दोन रोल उचलले. मी ओरडत होतो, "उघडू नको, उजेड लागेल, सगळं जाईल." तो म्हणाला, "आत लपवली असशील म्हणूनच ओरडतोस." त्याने कागदाची चिकटपट्टी फोडली आणि भर उन्हात, रिबन उलगडावी तसे दोन्ही रोल उलगडले. आत साखळी नव्हती. आणि आता लग्नही नव्हतं.

मला पानावरून उठवून घालवून दिलं. साखळी सापडली की नाही, कुणी कळवायला आलं नाही. मात्र आठ दिवसांत गावभर झालं की त्या फोटोवाल्याने चर्चचा एकही फोटो दिला नाही, त्याला कॅमेरा धरता येत नाही, शिवाय हात चोरटा आहे. त्या हंगामातली पापडीतली सगळी लग्नं माझ्या हातून गेली. लोक भेटले की नीट बोलायचे, आणि लग्नाला दुसऱ्याला बोलवायचे. रेल्वेच्या पूर्वेला नवीन कारखाने निघत होते. तिथल्या कामगारांच्या ओळखपत्रांचे फोटो काढून मी तग धरला. भिंतीपुढे उभा करायचा, कान दिसले पाहिजेत, पुढचा या. वर्षानुवर्षं.

सकाळचा रोल शाबूत होता. मी तो धुतला. म्हाताऱ्याची निगेटिव्ह वेगळ्या पाकिटात ठेवली. दर पावसाळ्यानंतर डब्यातला चुना बदलताना मी ती खिडकीकडे धरायचो. पांढरे केस काळेभोर, तोंड कोळशासारखं आणि दात काळे. वर्षातून एकदा तो मला काळ्या दातांनी हसून दाखवायचा. त्याच्या घरात कुणी त्याला इतकं जपलं नसेल. मी प्रेमाने जपत नव्हतो. कधीतरी हे घर माझ्या पायरीशी येईल एवढ्यासाठी जपत होतो.

आठ-नऊ वर्षांनी म्हातारा छातीच्या आजाराने गेला. महिन्यानंतरच्या मिस्साला वाटायच्या स्मरणपत्रिकेवर आणि घरातल्या वेदीशेजारी लावायला फोटो हवा होता. फोटो नव्हता. सोसायटीच्या समारंभातला एक घोळक्याचा फोटो होता, त्यात त्याचं तोंड तिळाएवढं, तेही टोपीखाली. मग कुणालातरी विहिरीजवळचं ते हसणं आठवलं.

मुलगा स्वतः आला नाही. त्याने शाळेतल्या गणिताच्या मास्तरांना पाठवलं. मास्तर भला माणूस, दोन्हीकडे उठबस असलेला.

"झालं गेलं," मास्तर स्टुलावर बसत म्हणाले. "म्हातारा गेला. आता काय उरलं?"

"निगेटिव्ह उरली."

"किंमत सांग."

"किंमत पैशाची नाही. मुलाने रविवारी दुसरी मिस्सा सुटल्यावर इथे यायचं, माझ्या पायरीवर उभं राहायचं आणि दोन वाक्यं बोलायची. फोटोवाल्याने चोरी केली नाही. रोल आम्ही नासवले. बस."

"साखळीचं काय झालं ते तुला तरी माहीत आहे का?"

"नाही. त्यांना माहीत आहे. म्हणून तर तुम्हाला पाठवलं."

मास्तरांनी चष्मा पुसला. "हे बघ, मी मुलांना काय शिकवतो? निगेटिव्हला निगेटिव्हने गुणलं की पॉझिटिव्ह येतं. त्यांचंही चुकलं, तूही अडून बसलास. दोन्ही गुणून टाक, चांगलं काहीतरी निघेल."

"मास्तर, तुम्ही गुणाकार करताय. मी बेरीज करतोय. निगेटिव्हमध्ये निगेटिव्ह मिळवली की काय येतं?"

"दुप्पट निगेटिव्ह," मास्तर म्हणाले आणि स्वतःच हसले. "तुला दहावीत मी पास केला असता."

"मग तेवढं त्याला सांगा."

मुलाचा निरोप आला की भिंत रिकामी राहिली तरी चालेल. मीही म्हटलं, राहू दे. खोटं कशाला सांगू, त्या रिकाम्या भिंतीची मला गोडी लागली होती. मी जेवताना तिचा विचार करायचो.

मग एका दुपारी म्हातारी आली. म्हाताऱ्याची बायको. एकटी, वाडीतल्या ख्रिस्ती बायकांच्या लाल लुगड्यात, काखेत दवाखान्याचं मोठं तपकिरी पाकीट. पायरीवरच थांबली.

"तुझ्याकडचं काही मागायला आले नाही," ती म्हणाली. "माझ्याकडे आहे त्याची निगेटिव्ह. डॉक्टरने दिली. तू फक्त धुऊन फोटो कर. सांगशील ते देईन."

मी पाकीट उघडलं. छातीचा एक्स-रे. तो खिडकीकडे धरला. बरगड्या, आणि डाव्या बाजूला ज्याने तो गेला तो डाग.

"मावशी, यात तोंड नाही."

"वर असेल. नीट बघ."

"वर गळ्यापर्यंतच आहे."

"खाली छाती आहे तर वर तोंड असणारच," ती माझ्यावरच चिडली. "माणूस काय नुसत्या छातीचा असतो? तुझं यंत्र लहान आहे म्हणून सांग."

मी तिला बसवलं, पाणी दिलं. सांगितलं की ही वेगळी निगेटिव्ह, ही माणसाच्या आतली काढतात. ती ऐकत होती पण नजर त्या काळ्या एक्स-रेवरच होती, वरच्या कडेला. थोड्या वेळाने तिने तो आपणच पाकिटात सरकवला आणि माझ्याकडे न बघता बोलली.

"साखळी त्याच संध्याकाळी मिळाली. लुगड्याच्या घडीत अडकली होती. मीच काढली."

"मग बोलला का नाहीत?"

"म्हातारा म्हणाला, आता बोललो तर आपण खोटे पडू. पाव्हण्यांसमोर तोंड कसं दाखवू? म्हणाला, फोटोवाल्याचं काय, तो दुसरीकडे पोट भरेल." तिने पदराने तोंड पुसलं. "मी येते रविवारी. मी बोलते पायरीवर."

"तुम्ही नाही. तुम्ही रोल उघडले नव्हते."

"तू पण त्याच्यासारखाच आहेस रे," ती म्हणाली. म्हाताऱ्यासारखा की मुलासारखा, ते मी विचारलं नाही.

त्या संध्याकाळी मी म्हाताऱ्याचा पोस्टकार्डाएवढा फोटो काढला आणि दुसऱ्या दिवशी तिच्या हातात दिला. तिने पहिल्यांदा त्याच्या दातांवरून बोट फिरवलं. फुकट दिला. दया आली, हे खरं. पण मी पुरता दयाळू कधीच नव्हतो. तो फोटो मी मुद्दाम दाणेदार, जाळीच्या पोताच्या कागदावर छापला होता. हातात धरून बघायला सुंदर, पण त्याची नक्कल काढून मोठा करायला गेलं की जाळीही मोठी होते. मुलगा काय करणार हे मला ठाऊक होतं.

त्याने तेच केलं. फोटो वसईच्या दुसऱ्या स्टुडिओत नेला आणि भिंतीवर लावण्याएवढा मोठा करून आणला. मास्तरांनी मला येऊन सांगितलं, "म्हाताऱ्याच्या तोंडावर कोंबड्यांच्या खुराड्याची जाळी आली आहे. म्हातारी रोज विचारते, याला आत कुणी कोंडला?" मी त्या दिवशी मास्तरांना दोन कप चहा पाजला.

तीन आठवड्यांनी, रविवारी, दुसरी मिस्सा सुटल्यावर तो आला. अंगात चर्चचे कपडे, काखेत ती जाळीची तसबीर. रस्त्यावर गर्दी होती. शेजारच्या सोड्याच्या दुकानापाशी पंधरा-वीस माणसं उभी होती.

"फोटो दे," तो म्हणाला.

"आधी वाक्यं."

"आत येऊन बोलतो."

"बाहेर. पायरीवर. माझी बॅग आत नव्हती उलटी केली."

तो पायरीवर उभा राहिला आणि पुटपुटला.

"मोठ्याने!"

मान वर करून तो ओरडलाच. "फोटोवाल्याने साखळी चोरली नव्हती! आमच्या घरातच मिळाली! लग्नाचे रोल मी उघडून नासवले!"

नऊ वर्षं मी या वाक्यांची वाट बघितली होती. ऐकून कुणीतरी चपापेल, कुणीतरी मान खाली घालेल, 'म्हनता' म्हणून हसलेला तो माणूस गर्दीत असेल तर निघून जाईल, असं काय काय मी मनात मांडून ठेवलं होतं. सोड्याच्या दुकानापाशी एकाने बाटली खाली ठेवली. मग कुणीतरी विचारलं, "कुठली साखळी?"

"कुणाचं लग्न?" दुसरा म्हणाला.

मुलगा माझ्याकडे बघायला लागला. मी त्याच्याकडे. त्याचं काम संपलं होतं. निगेटिव्हवरून काढलेली मोठी, स्वच्छ प्रत मी आधीच करून ठेवली होती. ती मी त्याला दिली, तो घेऊन गेला. जाताना त्याच्या ओठांवर हसू होतं, असं मला वाटलं. कदाचित नसेल.

गर्दी मात्र हलेना. लोकांना आता गोष्ट हवी होती. आणि अर्धवट ऐकून ही माणसं घरी गेली तर उद्या काय बोलतील, हे मला कळत होतं. म्हणून मीच पायरीवर उभा राहिलो आणि पहिल्यापासून सांगायला लागलो. मांडव, साखळी, बॅग, खिसे. ज्यांना काहीच माहीत नव्हतं त्यांनाही सांगितलं. जे त्या लग्नाच्या वेळी इथे राहतही नव्हते, त्यांनाही. सांगता सांगता माझा आवाज चढला, न आणि ण कालवले गेले आणि एक बाई दुसरीच्या कानाशी लागून काहीतरी बोलली.

सगळं ऐकून झाल्यावर सोडावाला पुढे आला. तीन वर्षांपूर्वीच इथे आलेला, रोज मला पहिली बाटली फोडून देणारा. त्याने माझ्या पाठीवर हात ठेवला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "जाऊ द्या शेठ. नव्हती ना चोरली? मग झालं तर!"

मी त्याचा हात झटकला आणि त्याला, त्याच्या सोड्याला, त्याच्या दुकानाला माझ्या घरच्या भाषेत जे येत होतं ते सगळं बोललो. त्यानंतर त्याच्याशी एक शब्द बोललेलो नाही. त्याचं दुकान अजून तिथेच आहे. तोही माझ्या पायरीशी येईल, कधीतरी येईलच.