नि. से. म. आणि तांब्याची घागर

ती गोष्ट आठवली की आजही आधी हसू येतं, मग डोळे पुसावे लागतात. माझं शिक्षण चौथीपर्यंत. शिपाई म्हणून लागलो, जमादार म्हणून सुटलो. तेव्हा भाषेच्या चुका काढत बसू नका. कोणाची खरी नावं देत नाही. अक्षरंही त्या हिशेबानं बदलली आहेत.

संस्थानं एकामागून एक हिंदुस्थानात सामील होत होती. निजाम तेवढा अडून बसला होता. त्याच्या मुलखातून येणाऱ्या प्रत्येकावर नजर ठेवा, असा आम्हा बऱ्हाणपूरच्या पोलिसांना हुकूम होता. एका दुपारी टांगेवाल्यानं ठाण्यात खबर दिली, "टेसनावर तिकडची एक बाई उतरली. एकटीच हाये. जवळ घागर हाये, तोंड बांधलेली. हात लावू देत नाही."

आम्ही बाईला घागरीसकट आणलं. कापड सोडलं तर आत तळलेल्या कुरडया. जमादारांनी एक तोडून तपासली, मग दुसरी तपासली. बाहेरून काठाखाली तीन अक्षरं टोचलेली होती : नि. से. म.

फौजदार जबलपूरकडचे, नवे. खुर्चीवरून उठलेच. "निजाम सेना! और म? म मतलब मददगार!"

जमादार म्हणाले, "साहेब, निमाड सेवा मंडळ असंल." त्या दिवसांत मंडळं भूछत्रासारखी उगवत होती, नाही कोण म्हणणार? मी म्हणालो, "साहेब, भांड्यावर नाव टोचायची आपल्याकडं रीत आहे."

"नाम है तो औरत बताती क्यों नहीं?"

इथंच गाडी अडली. बाईनं स्वतःचं नाव सांगितलं. माहेर निंबोल्याचं, उद्या भावाची हळद, हेही सांगितलं. पण अक्षरांचा अर्थ विचारला की मान खाली.

"माह्या तोंडून नाही निघायचं, साहेब."

"देखा! इन्कार कर रही है!"

निंबोल्याला माणूस पाठवू का, असं मी विचारलं. फौजदार म्हणाले, "बाकी के लोग भाग जाएँगे." मोठी संघटना हाती लागल्याची, जिल्ह्याच्या ठाण्याला खंडव्याला करायची तार त्यांनी लिहून काढली. संध्याकाळच्या गाडीनं बाईलाही तिकडं पाठवायचं ठरलं. ते ऐकून बाई रडायला लागली. "करवली मी एकलीच हाये हो! हळद कशी लागंल?"

आम्ही सगळे शिपाई लग्न झालेले. पण वर्दी घातली की माणूस घरचं विसरतो.

पाठवायच्या आधी अंगझडती. बाईची झडती बाईनंच घ्यावी असा कायदा, आणि ठाण्यात बाई कुठली? मी ठाण्यामागच्या पोलीस लाईनीतून आमच्या हिला बोलावून आणलं. तिनं विचारलं, "काय केलं हिनं?"

"घागरीवरच्या अक्षरांचा अर्थ सांगत नाही."

हिनं घागरीकडं पाहिलं, बाईकडं पाहिलं, मग माझ्याकडं असं पाहिलं की मला खुंटीवरच्या पट्ट्याचा मार बरा वाटला. "अहो, मी कधी तुमचं नाव घेतलं का? मग ती भर ठाण्यात नवऱ्याचं आन् सासऱ्याचं कसं घेईल?" आणि बाईला म्हणाली, "पोरी, उखाणा घे. ही सगळी वऱ्हाडी समज. नाहीतरी फुकट खाऊनच राहिलेत."

बाईनं डोळे पुसले, पदर सारखा केला आणि एका दमात म्हणाली,

"तांब्याची घागर, तिच्यावर टोचली नक्षी,
सेनू महाजनांचे लेक निंबाजीराव, फौजदारसाहेब साक्षी!"

जमादारांच्या तोंडून सवयीनं "वा!" निघालं. फौजदार म्हणाले, "ये क्या था?"

मी म्हणालो, "जबाब होता, साहेब. पूर्ण झाला."

त्यांनी तार फाडली. त्याच टांगेवाल्याच्या टांग्यात बाईला बसवून निंबोल्याला रवाना केलं. जाताना ती जमादारांना म्हणाली, "कुरडया मी मोजल्या नाहीत, भाऊ. पोट भरलं ना?"

ह्या प्रकरणानं मला एवढं शिकवलं की गप्प बसलेला माणूस लपवतोच आहे असं नाही. एखादी गोष्ट त्याच्या जिभेवर येतच नसते. अशा माणसावर ओरडून काही होत नाही. पुढं नोकरीत असा जबाब अडला की मी सरळ घरी जाऊन हिला विचारायचो.

आता विचारायला ती नाही. शेवटच्या दुखण्यात दवाखान्यातल्या नर्सनं तिला विचारलं, "आजी, यजमानांचं नाव काय?" श्वास पुरत नव्हता, तरी बोट माझ्याकडं केलं. "ते काय बसलेत. त्यांनाच विचारा. पोलिसात होते, लगेच कबूल होतील."

मी उभं राहून नाव सांगितलं.