जावयाच्या नावावरचे तास

आमचे मोठे काका साबणाच्या कारखान्यात टाइमकीपर होते. कामगार त्यांना मागून ‘काटा’ म्हणायचे. हे त्यांना माहीत होतं आणि मनातून आवडतही होतं. गेटाशेजारच्या खिडकीत घड्याळाचं यंत्र होतं. प्रत्येकानं त्यात आपलं कार्ड सरकवायचं आणि वेळेचा ठप्पा मारून घ्यायचा. ठप्पा उशिराचा असला की काका त्यावर लाल पेन्सिलीनं खूण करायचे, आणि तीन खुणा झाल्या की त्या माणसाला गेट बंद. मी जन्मले त्या सकाळी माझे वडील, म्हणजे यांचा सख्खा धाकटा भाऊ, इस्पितळातून धापा टाकत गेटवर पोचले. ‘दादा, मुलगी झाली,’ म्हणाले. काकांनी आधी कार्डावर खूण केली, पेन्सिल कानावर ठेवली आणि मग अभिनंदन केलं. वडील हा किस्सा हसून सांगायचे. आई कधी हसली नाही.

काका निवृत्त झाले तेव्हा कारखान्यात अंगठ्याचं मशीन आलं आणि खिडकी बंद झाली. काकांनी मग घराची खिडकी उघडली असं म्हणायला हरकत नाही. पाहुणा दारात आला की ‘या’ म्हणायच्या आधी ‘किती वाजता निघालात’ हे विचारायचे. काकू भाजीला गेली तर परत येईपर्यंत हे दारात बसून. उशीर झाला तर ओरडायचे नाहीत. नुसतं घड्याळाकडे बघायचे, मग काकूकडे, मग पुन्हा घड्याळाकडे. काकू मला एकदा म्हणाली होती, ‘यांच्या हाताखाली देव असता तर त्याचंही गेट कधीच बंद झालं असतं.’ म्हणाली आणि लगेच वर बघून हात जोडले.

दुपारी जेवण झालं की काका जुन्या कारखान्यासमोर जाऊन उभे राहायचे. दुसरी पाळी वेळेवर आत जाते की नाही ते बघायला. पाळी आत गेली तरी पहिली पाळी बाहेर पडून रस्ता मोकळा होईपर्यंत थांबायचे. कुणी त्यांना बोलावलेलं नव्हतं. जुने कामगार त्यांना बघून रस्ता ओलांडून पलीकडून जायचे, तेव्हा काका मला अभिमानानं सांगत की अजून वचक आहे.

त्यांना एकच मुलगी. तिचं लग्न चष्म्याच्या काचा घासणाऱ्या एका माणसाशी झालं. दुकानाच्या मागच्या खोलीत बसून तो दिवसभर काचा फ्रेमच्या मापाला आणायचा. बोलायला मवाळ, हसणं ओठाआडचं. मी त्यांना भावोजी म्हणते. लग्नानंतर दोघं भाड्याच्या जागेत राहत होती. घरमालकाला जागा हवी झाली, नेमके तेव्हाच तिला दिवस गेलेले. बाळंतपण होईपर्यंत दोघं काकांकडे राहायला आली. भावोजींच्या सामानात दोन बॅगा होत्या आणि एक व्हिडिओ गेमचं मशीन. घरात टीव्ही एकच, म्हणून ते मशीन हॉलमध्ये, टीव्हीखालच्या फळीवर बसलं.

भावोजी कामावरून आले की हातपाय धुऊन जरा वेळ खेळायचे. खेळ असा, की एक एकटा भटक्या डोंगरदऱ्यांतून हिंडतो, वाटेत लुटारू भेटतात, त्यांच्याशी लढत पुढं जायचं. दिवसभर काचेच्या बारीक कडेवर डोळे लावून बसणाऱ्याला लांबचं काहीतरी बघावंसं वाटत असेल. काकांना मात्र घरात एक धडधाकट पुरुष बसून खेळतो हे बघवेना. ते मुलीला म्हणाले, किती वेळ खेळतो याचा काही हिशोब आहे का? तिनं सहज सांगून टाकलं, की अहो बाबा, मशीन स्वतःच मोजतं. आणि तिनं ते उघडून दाखवलं. पडद्यावर भावोजींचं नाव, खाली खेळाचं चित्र, आणि चित्राखाली आजवर खेळलेले तास.

काका खुर्चीतून उठून टीव्हीजवळ गेले. तिच्या सांगण्याप्रमाणे, इतके खूश ते तिच्या लग्नातही दिसले नव्हते. ‘हे तर स्वतःच कार्ड पंच करतं,’ म्हणाले.

त्याच जेवणाला नियम झाला. आठवड्याला सात तास. रविवारी सकाळी काका आकडा बघणार, मागच्या रविवारचा त्यातून वजा करणार. सातच्या वर गेलं तर भिंतीवरच्या कॅलेंडरवर लाल खूण. ओळीनं तीन खुणा झाल्या तर दोघांनी घर सोडायचं. मुलगी हसली. तिला सातवा लागला होता आणि तिला वाटलं बाबा गंमत करतायत. भावोजींनी मान डोलावली, कारण सात तास त्यांना पुष्कळ होते. काकू वाढत होती. तिला या घरात नियम करताना कुणी कधी विचारलेलंच नव्हतं.

पहिल्या रविवारी आकडा निघाला बावीस.

भावोजी म्हणाले, काहीतरी चुकतंय, मी इतका वेळ घरात तरी असतो का? काकांनी लाल पेन्सिलीला टोक केलं. ‘जावईबापू, मशीन चुकत नाही. माणूस चुकतो.’ मुलीनं नवऱ्याकडे पाहिलं. ती लवकर झोपायची, तेव्हा मागून हा काय करतो हे तिला काय ठाऊक? त्या दिवसापासून तिच्या मनात किडा शिरला.

खरी गोष्ट मला काकूनंच नंतर सांगितली. काका दुपारी गेटवर गेले, मुलगी आडवी झाली, की काकू हॉलचं दार लोटून घ्यायची आणि मशीन लावायची. जावयाला खेळताना ती स्वयंपाकघराच्या दारातून बघायची, तेवढ्यावरच शिकली. लढायची नाही. लुटारू दिसला की त्या भटक्याला पळवत न्यायची. बाकी नुसतं चालायचं, फुलं खुडायची, तळ्यापाशी गेलं की बसायचं. त्या खेळात खाली बसायचं एक बटण आहे म्हणे. ‘अगं, कितीही लांब गेलं तरी कुणी विचारत नाही, कुठं होतीस म्हणून,’ ती मला म्हणाली. सत्तरीला आलेली बाई, आणि हे सांगताना तिनं पदर तोंडाला लावला.

ती खेळायची फार तर पाऊण तास. पण उठताना बंद करायची फक्त टीव्ही. पडदा काळा झाला की तिच्या लेखी सगळं झोपलं. मशीनवरचा बारीक निळा दिवा तिला फ्रिजच्या दिव्यासारखा वाटायचा, असतो आपला. आत तो भटक्या तळ्याकाठी तसाच बसून राहायचा आणि तास भावोजींच्या नावावर पडत राहायचे, भावोजी घरी येऊन मशीनला हात लावेपर्यंत.

भावोजींना हे पहिल्या रविवारनंतर दोनच दिवसांत कळलं. आपण डोंगरावर सोडलेला माणूस रोज भलत्याच तळ्याकाठी कसा? आणि त्याच्या पिशवीत हत्यारं कमी, फुलंच फुलं? एकदा तर तलवार कुठंतरी टाकून त्या जागी आणखी फुलं भरलेली होती. घरात दुसरं खेळणारं कोण, हे ओळखायला वेळ लागला नाही. सासूबाईंना एवढंच सांगायचं होतं की बंद करताना हे इकडचं बटण दाबा. पण सासू-जावयाचं बोलणं ‘अजून वाढू का’ आणि ‘नको, पुरे’ याच्या पलीकडे कधी गेलेलं नव्हतं. सांगितलं तर त्यांना कळणार की मला कळलंय. म्हाताऱ्या माणसाला लाजवायचं कसं? शिवाय त्यांना वाटलं, पोटच्या पोरीला या दिवसांत कुणी खरोखर घराबाहेर काढत नाही. म्हणून ते गप्प बसले. त्यांनी आपलं खेळणं मात्र कमी केलं.

दुसऱ्या रविवारी अठरा. दुसरी खूण.

त्या रविवारी काकूच्या डोक्यात प्रकाश पडला. तोवर तिला वाटत होतं, नाव जावयाचं आहे तर मशीन फक्त जावयाचेच तास मोजत असणार.  कबूल करावं तर नवऱ्याची भीती, आणि जावयासमोर शोभा ती वेगळीच. तिनं देवासमोर बसून ठरवलं की आता हात लावायचा नाही, म्हणजे आपोआप निभावेल. सोमवार ते बुधवार निभावलं. गुरुवारी राहवेना. थोडाच वेळ, पाण्यापर्यंत जाऊन येऊ, असं म्हणत लावलं. शुक्रवारी तेच, शनिवारी तेच. आणि बंद केला तो टीव्हीच.

त्या आठवड्यात भावोजी घरी आले की जाता जाता मशीनचं बटण तेवढं बंद करायचे, खेळायला खुर्चीवर टेकलेसुद्धा नव्हते. सगळ्यांनी बघितलं होतं. तिसऱ्या रविवारी मी काकांच्या मुलीला बाळंतपणासाठी जुन्या मऊ साड्या घेऊन गेले होते, म्हणून पुढचं माझ्या डोळ्यांसमोर घडलं. आकडा आला अकरा. काकांनी खुर्ची कॅलेंडरपाशी ओढली आणि सावकाश तिसरी खूण केली. मुलगी नवऱ्यावर उलटली. मी झोपले की उठतोस ना, माझं नाही तर पोटातल्याचं तरी बघायचं होतंस, असं काय काय बोलली. भावोजी जमिनीकडे बघत उभे राहिले. एकदा त्यांचे डोळे स्वयंपाकघराच्या दाराकडे गेले आणि तिथूनच परत आले.

तेव्हा काकू बाहेर आली. हात पिठाचे.

‘ते मी खेळत होते,’ ती म्हणाली.

 मुलगी आईकडे बघत राहिली. काका मात्र पेन्सिल खिशाला लावत होते.

‘मला माहीत आहे,’ ते म्हणाले. ‘पहिल्या आठवड्यापासून माहीत आहे. गेटवरून आलो की मशीनवर हात ठेवून बघायचो. तापलेलं असायचं.’

‘मग तुम्ही बोलला का नाहीत?’ हे काकूनं नाही, मी विचारलं.

‘टाइमकीपर हटकत नाही. मोजतो.’

मुलगी म्हणाली, बाबा, मग यांचा काय दोष? काकांनी पडद्यावरच्या नावावर बोट ठेवलं. ‘कार्ड कुणाच्या नावाचं आहे? ठप्पा कुणी मारला हे मी चाळीस वर्षांत कधी विचारलं नाही. आणि हिला थांबवलं असतं तर ही थांबली असती. मग नियम पुरा कसा झाला असता?’

काकूनं त्यांचे पाय धरायचे तेवढे बाकी ठेवले. मला शिक्षा द्या म्हणाली, मला माहेरी पाठवा म्हणाली. माहेरी आता होतं कोण? काकांनी तिला वेळ सांगितली, संध्याकाळी पाचपर्यंत खोली रिकामी हवी. मी माझ्याकडे चला म्हणाले. भावोजी म्हणाले, दुकानाच्या वरची खोली मालक देईल, आधी बघतो. इतका वेळ खाली असलेली त्यांची मान आता वर आली होती. सासूबाईंकडे बघून ते पहिल्यांदाच एक पूर्ण वाक्य बोलले. ‘आई, मला कळलं होतं. मी सांगायला हवं होतं.’

हे त्यांनी बोलायला नको होतं. मुलीनं आधी नवऱ्याकडे बघितलं, मग आईकडे. म्हणजे घरातल्या सगळ्यांना माहीत होतं आणि फक्त तिलाच फसवलं. बाप काय, तो असाच. पण आईनं मागच्या रविवारी तोंड उघडलं असतं तर? एवढा एक आठवडा गप्प बसली नसती तर?

टेम्पोत सामान चढलं. काकू एक पिशवी घेऊन खाली आली, त्यात तिच्या दोन साड्या. बाळंतपणाला आई हवीच, असं काहीतरी पुटपुटत ती टेम्पोच्या दारापाशी उभी राहिली. मुलगी म्हणाली, ‘तू इथंच राहा. तुला फिरायला लागतं ना? आता फीर.’ काकांनी वरून खिडकीतून हाक मारली, पाच वाजून गेले. काकू पिशवी घेऊन परत वर गेली.

दुकानाच्या वरच्या त्या खोलीत मुलीचे पाय सुजले, रक्तदाब चढला, आणि मूल दिवस भरायच्या आधी झालं. दोघं वाचली ही देवाची कृपा, दुसरं काय. मुलगी झाली. काकूनं माझ्याकडून निरोप पाठवला, एकदा बघू दे. मी चारदा विचारलं. पाचव्यांदा मुलगी बाळाकडे बघत म्हणाली, ‘येऊ दे. पण अर्धा तास.’

काकू आली. जिना चढून आलेली, श्वास लागलेला, तरी तो आवरून दारात उभी राहिली. मी बाळ तिच्या मांडीवर दिलं. तिनं त्याची बोटं एकेक करून उघडली आणि मिटली, नखांवरून अंगठा फिरवला. मुलगी पलंगावर भिंतीला टेकून बसली होती. आईकडे तिनं बघितलं नाही. भिंतीवर घड्याळ होतं, तिकडे बघत होती.

अर्धा तास व्हायच्या जरा आधीच काकूनं बाळ माझ्याकडे दिलं.

भावोजी म्हणाले, ‘आई, बसा की.’

‘नको,’ काकू चपला शोधत म्हणाली, ‘वेळ झाली.’